चारच सीन राह्यले

अंबादासनं आयुष्यात एकच पिक्चर काढलं. ते गर्दवर होतं, आणि गर्दची पुडी त्यानं मरेपर्यंत डोळ्यांनी पाहिली नव्हती. आमच्या जालन्यात ती पाहिलेलीच नव्हती कोणी. इथं मिळायचं काय, तर तंबाखू, गुटखा, देशी आणि होळीला भांग. मुंबईची पोरं गर्द ओढून मरतात असं आम्ही पेपरात वाचायचो, ‘अरेरे’ म्हणायचो आणि चहा प्यायचो. अंबादासला ‘अरेरे’वर भागवता येत नसे. त्याच्या डोक्यात एकदा किडा शिरला की तो बाहेर पडेपर्यंत आजूबाजूच्या पाचपन्नास माणसांना खाजत राहायचं.

तसा तो लग्नं काढणारा माणूस. पिंपळगाव रेणुकाईच्या शेतकरी घरातला. नांगर सोडून कॅमेरा धरला म्हणून बापानं बोलणं टाकलेलं. मस्तगडात एका जिन्याखाली त्याचं दुकान होतं, पाटीवर नाव देवीचं, खाली ‘व्हिडिओ शूटिंग’. मी जवळच्याच शाळेत चित्रकला शिकवायचे. त्यामुळं ‘बाईंना कलेतलं समजतं’ असा त्याचा गैरसमज होता आणि तो मी कधी दूर केला नाही.

वेष एकच. पुण्याहून आणलेलं खाकी जाकीट, सगळीकडून खिसेच खिसे. मे महिन्यात डांबर वितळतंय, आणि हा जाकिटात. खिशांमध्ये बॅटऱ्या, कॅसेटी, कंगवा, टाचण्या, आणि कोणत्यातरी एकात तंबाखूची पुडी. कोणत्या खिशात, हे त्याला कधीच आठवत नसे. दर अर्ध्या तासानं तो छातीपासून कमरेपर्यंत स्वतःला थोपटत सुटायचा. नवा माणूस घाबरायचा, याला विंचू चावला की काय म्हणून. पुडी सापडली की चेहऱ्यावर असं समाधान यायचं, की बघणाऱ्यालाही बरं वाटावं.

बोलण्यात दोनच शब्द जोराचे. एक, ‘कॅमेऱ्याकडं बघा!’ आणि दुसरा, ‘घेतलं!’ लग्नात आहेर देणाऱ्या प्रत्येकाला तो थांबवायचा. मान वर करायला लावायचा, डोळ्याला डोळा भिडला की ‘घेतलं!’ म्हणून सोडून द्यायचा. “बाई, लग्नाला आलेलं माणूस उपाशी गेलं तर चालतं,” तो म्हणायचा, “पण कॅसेटमधी न्हाई दिसलं तर सोयरीक तुटती.” आणि हे खरंच होतं. एका आत्याबाईंचा चेहरा राहिला म्हणून भोकरदनकडच्या दोन घरांचं येणंजाणं बंद झालेलं मला माहीत आहे.

नव्वदीच्या मधली गोष्ट असेल. पुण्याला कसल्याशा चित्रपट शिबिराला जाऊन आला आणि थेट शाळेत, माझ्या तासाला.

“बाई, तिथं एक पिक्चर दाखवलं. एक माणूस निस्ता बसलेला. खिडकी. नळ टपकून राह्यलेला. बस्स. मला काई म्हंता काई समजलं न्हाई. अन् मला रडू आलं.”

“न समजल्याचं रडू?”

“न्हाई वो. नळ तर आपल्या गल्लीत बी हाय. मंग आपण काहून न्हाई काढलं, याचं.”

असा हा प्रायोगिक लघुपट जन्माला आला. विषय त्यानंच ठरवला, गर्द. का, तर शिबिरात सगळे त्यावरच काढत होते.

आता नळाचं ऐका. जालन्यात नळ टपकतो का हो? जालन्यात नळ आठ-पंधरा दिवसांनी येतो, आणि येतो तेव्हा सणासारखा येतो. टपकणाऱ्या नळाच्या शॉटसाठी अंबादास पाण्याच्या पाळीची वाट बघत बसला. पाणी आलं, यानं कॅमेरा लावला, आणि घागरी, हंडे, कळश्या, प्लास्टिकचे डबे घेऊन अख्खी गल्ली फ्रेममध्ये घुसली. “सरक की रं मुडद्या, जल्दी भरू दे!” म्हणून एका आजीबाईंनी त्याला ढकलला. पिक्चरमध्ये तो शॉट तसाच आहे, आजीबाईंच्या कोपरासकट. अंबादास म्हणाला, “हे व्यसनाचंच रूपक हाय, बाई. तहान.” 

गर्द कशी दिसते हे विचारायला तो पोलीस चौकीत गेला. “साहेब, थोडी गर्द बघायला मिळंल का?” इतक्या सरळ शब्दांत विचारल्यावर त्यांनी त्याला दिवसभर बाकड्यावर बसवून ठेवला. शेवटी हवालदाराच्या मुलीचं लग्न यानंच काढलं होतं हे निघालं, म्हणून सुटला. मग ज्वारीच्या पिठात तांबडी काव मिसळून काम भागवलं.

जागा दिली मोतीलालशेठनी. शेठ मूळ राजस्थानकडचे, पण तीन पिढ्या जालन्यात. तंबाखू-सुपारीचे मोठे व्यापारी. “व्यसन बुरी चीज है, अंबादासजी,” ते म्हणाले. “बिलकुल काढा पिक्चर. गोदाम घ्या, जनरेटर घ्या. फक्त तंबाखूचं काई नका दाखवू. तंबाखू व्यसन थोडंच हाय? ती आदत हाय.” अंबादासनं पुडी थोपटत, मनापासून मान डोलावली. तर व्यसनमुक्तीचं आमचं पिक्चर तंबाखूच्या गोदामात सुरू झालं. पोत्यांच्या थप्प्या, आणि आम्ही सगळे शिंकतोय. संवाद कमी आणि शिंका जास्त. एकट्या अंबादासला शिंक येत नसे. त्याचं नाक सरावलेलं होतं.

मला आईचं काम. “अहो, विलास माझ्याहून मोठा आहे,” मी म्हटलं.

“प्रायोगिकमधी वय न्हाई बघत, बाई.”

विलास म्हणजे आमचा हिरो. कापडाच्या दुकानात सेल्समन, आणि गणपतीतल्या नाटकांतला गावातला एकमेव खरा नट. साडी उलगडायचा तीसुद्धा अशी, की बाई नको असलेली साडी घेऊन जायची. त्याची बायको शोभा माझी शेजारीण. विलासला कित्येक वर्षं खोकला होता. म्हणजे खोकताना त्याला कोणी ऐकलं नव्हतं, पण खोकल्याचं औषध रोज लागायचं. आधी चमच्यानं, मग झाकणानं, मग बाटलीनं. मेडिकलवाला न मागता काढून द्यायचा. दुकानातून दोनदा काढून टाकलं, दोनदा परत घेतलं. हे सगळ्यांना माहीत होतं आणि याला व्यसन म्हणायचं कोणाच्या डोक्यात आलं नव्हतं, कारण औषध म्हणजे औषध. तो कोणाच्या डोळ्यांत बघत नसे. तुमच्याशी बोलायचा तो तुमच्या खांद्याशी, किंवा पदराच्या काठाशी.

आणि नेमका अंबादासच्या पिक्चरचा शेवट असा होता, की मरणाऱ्या गर्दुल्ल्यानं मान उचलायची आणि सरळ कॅमेऱ्यात बघायचं. “तेवढ्या एका नजरेवर पिक्चर उभं हाय,” तो म्हणायचा. दर रविवारी तो शॉट लागायचा. “कॅमेऱ्याकडं बघ, विलास!” विलास मान उचलायचा, आणि नजर घसरून पोत्यांवर जायची. ‘घेतलं’ काही व्हायचं नाही. बाकी मेल्याचा सीन मात्र पहिल्याच दिवशी झाला, कारण मेलेल्या माणसाला कुठं बघायचं नसतं.

मग आला तलफेचा सीन. त्या रविवारी विलास आला तोच घामेजलेला. नाक गळतंय, अंगावर काटा, पोट धरून बसलाय, आणि एकामागून एक जांभया.

“कट!” अंबादास ओरडला. “जांभया काय देऊन राह्यला रे? गर्दुल्ल्याला झोप आल्ती का? तलफ हाय तलफ! हे बघ.” आणि त्यानं जाकिटासकट जमिनीवर लोळून दाखवलं. केस उपटले, पोत्यावर डोकं आपटलं, ‘दे, मला दे!’ म्हणून असा हंबरला की बाहेरून शेठचा मुनीम धावत आला. “असं पाहिजे. तुझं बिलकुल खरं न्हाई वाटत.”

शोभा डबा घेऊन आली होती. दारातच उभी होती. ती हळूच म्हणाली, “भाऊ, ते नाटक करून न्हाई राह्यले.”

सगळे तिच्याकडं बघायला लागलो.

“परवापासून बाटली न्हाई घेतली त्यांनी. पोरीच्या डोक्यावर हात ठेवून शपथ घेतली. येऊ नका म्हणलं तर म्हणे, अंबादासचं पिक्चर अडंल.”

मला वाटलं, आता हा माणूस कॅमेरा खाली ठेवेल. त्यानं ठेवलाही. खिसे थोपटले, पुडी काढली, चिमूट दाढेखाली धरली आणि विचार करून म्हणाला, “वहिनी, चांगलंच हाय. सोडलंच पाहिजे. पण आता सोडलं तर गालावर मांस येईन. कंटिन्युइटी जाईन. चारच सीन राह्यले. तेवढे होऊ द्या, मंग सोडू द्या की.”

मी आयुष्यात एवढी कोणावर चिडले नसेन. लाज नाही वाटत का, म्हणून मी काय काय बोलले ते इथं लिहीत नाही. शोभा मात्र चिडली नाही. तिनं डबा पोत्यावर ठेवला आणि म्हणाली, “तुमच्या पिक्चरमधी मेल्यावर टाळ्या वाजतील, भाऊ. माझ्या घरात काय वाजंल?”

अंबादासनं पुडी खिशात कोंबली. मग पिशवी उचलून म्हणाला, “आलोच मी. एकच बाटली, कंटिन्युइटीपुरती.” आणि गेला.

आम्ही बसून राहिलो. विलास पोत्यांवर मुटकुळं करून कण्हत होता. शोभा त्याची पाठ चोळत होती आणि दाराकडं बघत होती. मी दाराशी बसले होते. बाटली आत येऊ द्यायची नाही असं मी ठरवलं होतं, मग भले हाणामारी होवो. दिवस कलला. अंबादास आला नाही.

तो सापडला मंगल कार्यालयाच्या मागं. संध्याकाळी त्याच्याकडं गोरज मुहूर्ताच्या लग्नाचं शूटिंग होतं. बँडवाल्यांच्या हातगाडीच्या सावलीत, छातीवर कॅमेरा, शेजारी रिकामी बाटली, आणि चेहऱ्यावर तंबाखूची पुडी सापडल्यासारखं समाधान. मंगलाष्टकं होऊन गेली, अक्षता पडल्या, ढोल वाजला, हा जागचा हलला नाही. नवरीच्या बापानं त्याची गचांडी धरून उभा केला. “लग्न लागलं अन् कॅसेटमधी न्हाई? मंग लागलंच कशाला?” आणि खरोखरच लग्नाचा रिटेक झाला. अंतरपाट पुन्हा धरला. नवरीचा मामा बसस्टँडवर गेला होता, त्याला स्कूटरवरून परत आणला. पंगतीला बसलेल्यांचे उजवे हात खरकटे, त्यांनी डाव्या हातानं अक्षता टाकल्या. हे मी पाहिलं नाही, पण पाहिलं असं सांगणारी माणसं त्या कार्यालयात मावली नसती.

दुसऱ्या दिवशी सकाळी अंबादास माझ्या दारात. डोळे सुजलेले, जाकीट चुरगाळलेलं. मी त्याला आत या म्हटलं नाही.

“बाई, हिरोला द्यायच्या आधी डायरेक्टरनं चाखून बघावं म्हणलं.”

“मग?”

“लई बरं वाटलं,” तो म्हणाला, आणि उंबऱ्यावरच बसला. “लई म्हंजे लई. बाप बोलत न्हाई, दुकान चालत न्हाई, काईच आठवलं न्हाई. आईच्या मांडीवर पडल्यावानी. बाई, एवढं बरं वाटतं हे कोणत्याच पिक्चरमधी न्हाई दाखवत. सगळ्यात निस्ते लोळतात. म्या बी लोळूनच दाखवलं. आज उठल्या उठल्या मला पहिलं काय वाटलं, सांगू? अजून एक आणावी. एका दिवसात! मंग त्या विलासचं काय होत असंल वो?”

तो रडत होता. मला त्याची दया आली आणि ती आल्याचा रागही आला.

त्यानंतर त्यानं जे केलं ते त्याला कोणी सांगितलं नव्हतं. विलासला सरकारी दवाखान्यात नेलं, डॉक्टरांकडून गोळ्या घेतल्या आणि सरळ पिंपळगावच्या शेतात नेऊन ठेवला. बापाशी बोलणं नव्हतं, तरी नेला. “तिथं मेडिकल न्हाई,” एवढंच म्हणाला. ऐन लग्नसराईत दुकानाला कुलूप. सगळी गिऱ्हाइकं दुसऱ्याकडं गेली. पहिले काही दिवस विलासनं शिव्या दिल्या, पळून गेला, शेताच्या धुऱ्यावरून परत आणला. अंबादास त्याचा हात धरून झोपायचा. पुढं भाकरी, ताक, आणि म्हाताऱ्याबरोबर पिकाला पाणी देताना दारं धरणं. म्हातारा पोराशी बोलत नव्हता, पण विलासशी बोलायला लागला. अंबादासनं कॅमेरा नेला होता. एकही शॉट घेतला नाही.

विलास परत आला तेव्हा गाल भरलेले, पोट सुटायच्या बेतात. अंबादास चौकात कपाळ बडवत फिरला. “वाटोळं केलं रे यानं माझं! चार सीन राह्यले होते! आता या गोलमटोल गड्याला गर्दुल्ला कोण म्हणंल?” पिक्चर हिरोनं बुडवलं, असंच तो सगळ्यांना सांगायचा. गाव हसायचं. शोभा हसत नसे. ती दर राखीला त्याच्या जिन्याखालच्या दुकानात जायची.

तरी पिक्चर दाखवलं गेलंच. व्यसनमुक्ती सप्ताह होता, कोणाला तरी काहीतरी दाखवायचं होतं. औरंगाबादला मिक्सिंग केलं. तिथला पोऱ्या जन्मभर लग्नंच जोडत आलेला, त्यानं सवयीनं हात चालवला. विलास कोसळतो, आणि पडद्यावर गुलाबाच्या पाकळ्या पडतात. मी रडते, आणि माझा चेहरा बदामाच्या आकारात लहान होत जातो. सुरुवातीला मोतीलालशेठचे आभार, दुकानाच्या पत्त्यासकट. लोक पोट धरून हसले. विलास सगळ्यात पुढं बसून सगळ्यात मोठ्यानं हसला.

शेवटी मेल्याचा सीन. विलास पोत्यांवर निपचित. सभागृह एकदम गप्प झालं. आणि पुढच्या क्षणी पडद्यावर हळद! ज्या पार्टीनं कॅसेट न्यायला टाळाटाळ केली तिच्या कॅसेटवर अंबादास पुढचं काम घ्यायचा, आणि ते जुनं लग्न खाली शिल्लक होतं. कोणती तरी म्हातारी कोणाच्या तरी गालाला हळद फासत होती, “गाल इकडं कर की गं!” म्हणत होती. मशीनवाला बटण शोधेपर्यंत हळद चालूच.

पुण्याचे पाहुणे भाषणाला उभे राहिले. म्हणाले, “मृत्यूनंतर हळद! मराठवाड्यातल्या एका तरुणानं ही प्रतिमा शोधावी, हे विलक्षण आहे.” टाळ्या पडल्या. मी मागं वळून बघितलं. अंबादास दाराशी उभा, खिसे थोपटत होता. बाहेर आल्यावर मी विचारलं, “काय हो, हळद मुद्दाम ठेवली का?”

“बराबर,” तो म्हणाला. “म्हंजे, आता मुद्दामच.”

पुढं बरीच वर्षं गेली. कॅसेटी गेल्या, सीड्या आल्या. माझी अंबडला बदली झाली. विलासच्या मुलीच्या लग्नाला मी परत जालन्याला आले. हळदीला अंबादास होताच, त्याच जाकिटात, हातात छोटा नवा कॅमेरा. पण ‘कॅमेऱ्याकडं बघा’ ओरडला तेव्हा मी दचकले. आवाज दातांच्या फटीतून येत होता. तोंड उघडतच नव्हतं. शोभा म्हणाली, आता तोंडात एक बोट जातं, तेवढंच. भाताची पेज पितात. डॉक्टरांनी सांगितलंय, आजच्या आज पुडी बंद, आणि मोठ्या दवाखान्यात दाखवा. त्या दिवाळीआधीच तो गेला. दाखवायला गेला तोवर फार उशीर झाला होता. त्याच्यावरचा माझा हा राग अजून गेलेला नाही, कारण एवढ्या शहाण्या माणसानं एवढं मूर्खासारखं मरायचं नसतं.

पण ते पुढचं. हळदीच्या त्या दिवशी विलासनं लाडू आणला, बोटांनी चुरला आणि चिमटी-चिमटीनं त्याच्या तोंडात सारला. अंबादास कसाबसा गिळत हसला. मग हात आपोआप छातीकडं गेला आणि खिसे थोपटायला लागला.

“भाऊ, सोडा आता,” शोभा म्हणाली.

“सोडायचंच हाय, वहिनी. या सराईतली चारच लग्नं राह्यली. तेवढी होऊ द्या, मंग सोडतो की.”

शोभाच्या हातात हळदीची वाटी होती, ती तशीच राहिली. विलास हसत होता, तो थांबला.

“उद्या पोरीची पाठवणी झाली की चला,” तो म्हणाला. “पिंपळगावला. म्या येतो संगं. हात धरून झोपतो.”

 अंबादासनं घाईनं कॅमेरा डोळ्याला लावला. “नवरीचा बाप राह्यला,” तो दातांतून म्हणाला. “कॅमेऱ्याकडं बघ.”

आणि विलासनं बघितलं. गालांना हळद लागलेला, टक्कल पडलेला, चांगला जाडजूड विलास मान वर करून सरळ कॅमेऱ्यात बघत उभा राहिला. नजर हलली नाही, घसरली नाही, खांद्यावर गेली नाही.

अंबादासनं कॅमेऱ्यामागून तोंड काढलं नाही. दुसरा हात एकेक खिसा थोपटत कमरेपर्यंत आला, परत वर गेला. मांडवात बायका गाणं म्हणत होत्या. विलास तसाच बघत उभा होता, हा कधी ‘घेतलं’ म्हणतो म्हणून.